मान पडायच्या आधी

बत्तीस वर्षं मी शाहू मार्केट यार्डात मापाडी होतो.
पोत्याला नुसता हात लावून सांगायचो
माल किती उन्हात वाळलाय
आणि मधल्या थरात किती नासका दडवलाय.
तर मालननं पात आणा म्हटल्यावर
मी दोन किलो कांदा घेऊन घरी आलो.
तिचा उजवा हात प्लास्टरात.
डाव्या हातानं पिशवी उलटी करून म्हणाली,
"ह्याला पात म्हणत्यात व्हय?"

म्हटलं, एकच की. एकाच बियाचं.
"तुमी आणि तुमचा नातू बी एकाच बियाचं.
जावा परत."

कपिलतीर्थ मंडईत हौसाक्का बसते, वडणग्याची.
गोणपाटावर पेंड्या रचलेल्या,
मुळांच्या पांढऱ्या मिशांत अजून ओली काळी माती.
किलोला काय, विचारलं मी.
ती शेजारणीकडं वळली,
"बघ गं, मापाडी पात जोखाय आल्यात!"

पातीला काटा लागत नाही.
अंगठा आणि बोटांच्या कड्यात मावेल तेवढी पेंडी,
आणि हौसाक्काचा पंजा मोठा, हे गिऱ्हाइकाचं नशीब.

मला राहवेना. मी माझं शास्त्र काढलं:
कांदा तयार कधी म्हणायचा?
रानात माना पडल्या की.
वारं नसताना सगळी पात मानेतून वाकते,
आडवी होते, हळूहळू पिवळी पडते.
मग पाणी तोडायचं.
हिरवं होतं नव्हतं ते सगळं खाली गड्ड्यात उतरतं
आणि वर राहतो कागद.

"आन् ही मान पडायच्या आधी उपटल्याली,"
हौसाक्का म्हणाली.
"हिनं अजून कायबी साठवलं न्हाई.
म्हणून तर पोकळ."
एक पात तिनं चिमटीत दाबली.
पट्टदिशी फुटली.
आत हवा, आणि बोटाला थोडं बुळबुळीत पाणी.
"मी येतो सांच्याला मालनवैनीस्नी बघाय,"
असं म्हणत तिनं पेंडीवर अजून चार काड्या टाकल्या.

मालन खुर्चीत, मी ओट्याशी.
चिरताना दोनदा सुरी थांबवली;
डोळ्यांत पाणीच येईना,
यार्डातला माणूस, वाटलं माल खोटा.
"पांढरं आदी टाका. हिरवं मागनं, अगदी शेवटी.
कांदा परतायचा असतो, पातीला नुसतं तेल दाखवायचं."
मग बेसन भुरभुरलं, झाकण घातलं,
आणि झुणक्याचा वास जिन्यापर्यंत गेला.

मिसळीवर ही चालायची नाही.
कटात बुडाली की गप्प होईल;
तिथं कांदाच पाहिजे, दाताखाली उलटून बोलणारा.
कांदा चाळीत चार-चार महिने बसतो
भावाची वाट बघत.
हिला परवा नाही.
उरलेली अर्धी पेंडी मी फडक्यात गुंडाळून ठेवली होती,
तिसऱ्या दिवशी टोकं पिवळी.

ते दोन किलो मात्र ओट्याखाली तसेच.
प्लास्टर निघालं त्या दुपारी
मालननं टोपली ओढली,
आणि एका कांद्याच्या डोक्यातून
बोटभर हिरवा कोंब वर आलेला.

असला माल मी बाजूला काढायचो.
तांबडी खूण, किलोमागं दोन रुपये कमी,
शेतकरी काही बोलला तरी मान वर न करता.
एवढ्या वर्षांत किती पोती झाली असतील,
त्याचा हिशेब कुठल्या वहीत नाही.

मालनचा अंगठा अजून वळत नव्हता.
तरी तिनंच सुरी धरली,
कोंब बारीक चिरून आमटीवर टाकला.
म्हटलं, बघ, पातच ना शेवटी?
तिनं चव घेतली, थोडा वेळ तोंडात घोळवली.

"न्हाई. पात न्हाई ही. कडवट हाय."
आणि पळी पुन्हा आमटीत घातली.